केळीचे खांब

कानबाईच्या रविवारी सरलाबाईंच्या शेगडीजवळ फिरकायची कुणाची बिशाद नव्हती. पहाटे डोक्यावरून न्हाऊन त्या जमिनीवर मांडी ठोकून बसल्या होत्या आणि एकेक रोट तव्यावर टाकत होत्या. पुढच्या खोलीत कानबाई बसली होती. नारळाची देवी, डोळे-नाक लावलेली, अंगावर नथ आणि नवं पातळ, दोन्ही बाजूंना केळीचे खांब. तिच्यापुढे सुरतेतल्या उधन्याच्या गल्लीतल्या सगळ्या खानदेशी बायका दाटीवाटीने बसून गाणी म्हणत होत्या.

अकरा वर्षांनी या घरात रोट होत होते. अकरा वर्षांपूर्वी, पारोळ्याकडच्या गावी, ऐन कानबाईच्या रविवारी थोरले दीर राघोभाऊ गेले आणि रोटांना खंड पडला. कानबाईच्याच रविवारी घरात मुलगा जन्मला तर तो खंड सुटतो, अशी या घराची रीत. लोक म्हणत, असं कधी होतं का? पण झालं. मागच्या श्रावणात सरलाबाईंची सून रंजना सुरतेत बाळंत झाली, ती नेमकी त्याच रविवारी. त्या दिवसापासून सरलाबाई आजच्या दिवसाकडे डोळे लावून बसल्या होत्या.

रोटांचे गहू त्यांनी स्वतःच्या हाताने मोजले होते. घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ. नवरा छगन, धाकटा दीर सुकदेव, मुलगा वाल्मिक आणि वर्षाचा नातू शुभम. बायकांच्या नावाची मूठ नसते. ज्यांची मूठ पडली ते सगळे दिवेलागणीला एका रांगेत बसले की रोट मोडायचे, त्याआधी नाही. सोमवारी सकाळी वाजतगाजत कानबाईला तापीवर पोचवायचं. यात तसूभर इकडचं तिकडे झालेलं सरलाबाईंना खपत नसे.

आणि आज सगळंच इकडचं तिकडे चाललं होतं. वाल्मिक सकाळी सचिन गावाच्या पुढच्या एका वाडीतून केळीचे खांब घेऊन आला, ते त्याने मुकाट्याने बांधले आणि जो बाहेर टेंपोजवळ जाऊन बसला तो आत आलाच नाही. रंजना दहा वाजता विड्याची पानं आणायला गेली ती साडेबाराला परतली. पानं कोपऱ्यावर मिळतात. सरलाबाईंनी तिला चार शब्द सुनावले, तर तिने एकाही शब्दाला उत्तर दिलं नाही. एरवी ती एकाला दोन देणारी.

“काय व्हयनं व?” सरलाबाईंनी शेवटी विचारलं.

“काही नही, माय.”

“मंग पोऱ्याले का घेत नही? कवयना रडी राहिना.”

रंजनाने मुलाला उचललं, पण त्याच्याकडे पाहिलं नाही. सरलाबाईंनी देवीकडे पाहिलं आणि मनातल्या मनात म्हटलं, आजचा दिवस निघू दे बाई, मग काय व्हायचं ते होऊ दे.

*

सुकदेव लूमच्या कारखान्यात मास्तर होता. चाळीस लूम एकदम धडधडत असताना कुठल्या लूमवर धागा तुटला ते त्याला दुरून कळत असे. अशा माणसापासून काही लपवायचं म्हणजे कठीण काम. दुपारी तीनच्या सुमाराला तो तंबाखू मळत बाहेर आला आणि त्याला पहिल्यांदा काय दिसलं, तर टेंपो धुतलेला होता.

छगनचा टेंपो दसऱ्याशिवाय कधी धुतला जात नसे. उधन्यातून कापडाचे ताके भरायचे आणि रिंगरोडच्या मार्केटला नेऊन टाकायचे, असं त्याचं आयुष्य. गल्लीतल्या लोकांना वाटलं असेल, कानबाईसाठी धुतला. सुकदेव मात्र पुढे जाऊन उकिडवा बसला. डावा दिवा फुटला होता. दिव्याखालचा पत्रा आत दबला होता आणि त्यावर लाल रंगाची ताजी रेघ होती. सायकली असतात त्या लालची.

वाल्मिक पलीकडे पायरीवर बसून हे सगळं बघत होता.

“म्हैस आडवी उनी व्हती, काका.”

“लाल म्हैस?” सुकदेव म्हणाला.

वाल्मिक सव्वीस वर्षांचा, एका पोराचा बाप, पण काकाने असं विचारल्यावर त्याचा चेहरा दहा वर्षांच्या पोरासारखा झाला. त्याने सांगितलं. सचिनच्या अलीकडे, सकाळी नऊ वाजता. सायकलवर एक माणूस, मागे कॅरिअरवर बाई. वाल्मिकने सायकलला ओव्हरटेक करायला घेतलं आणि टेंपोच्या डाव्या कोपऱ्याचा दणका बसला.

“थांबना का नही?”

“लोक धावनात, काका. काठ्या लिसन. मारी टाकतात माले.”

पोरगं सुकदेवने खांद्यावर खेळवलेलं. त्याने तंबाखू तशीच खाली टाकली आणि वाल्मिकचा दंड धरून त्याला उठवलं. बाजूच्या जिन्याने वर पत्र्याची खोली होती, ताके ठेवायची. तिथे त्याने वाल्मिकला बसवलं, थोरल्या भावाला बोलावलं आणि स्वतःच्या मुलीलाही. हर्षदाला बोलवायचं कारण असं, की ती नानपुऱ्यात एका वकिलाकडे टायपिंग करत होती आणि तो वकील अपघाताच्याच केसेस चालवत असे. तीन वर्षांत तिने इतके दावे टाइप केले होते, की कलमं तिला तोंडपाठ होती.

*

छगनला सगळं घर जिभाऊ म्हणे. तीस वर्षांपूर्वी हाच पहिल्यांदा सुरतेला आला, मग त्याने एकेकाला आणलं, कामाला लावलं, लग्नं लावून दिली. त्यामुळे काय करायचं ते जिभाऊ ठरवणार आणि बाकीचे मान हलवणार, असंच आजवर चालत आलं होतं. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि लगेच निर्णय दिला.

“कानबाई बठेल शे घरमा. आज पोलीसनं नाव कोणी काढानं नही. उद्या दुपारले, बाईले पोचाडी उनूत का मंग दखूत.”

“जिभाऊ, उद्या दुपारी उशीर होईल,” हर्षदा म्हणाली.

“कसाना उशीर?”

“चोवीस तास असतात. ज्याच्या हातून अपघात झाला त्याने थांबायचं, जखमी माणसाला दवाखान्यात न्यायचं. ते नाही जमलं, तर का जमलं नाही ते जवळच्या पोलीस ठाण्यात जाऊन सांगायचं. होईल तितक्या लवकर, फार तर चोवीस तासांत. विमा कंपनीलाही लेखी कळवायचं. उद्या सकाळी नऊला ते चोवीस तास संपतात आणि आपण तेव्हा तापीवर असू.”

“आनि नही सांगं तं?”

“तीन महिने कैद, किंवा पाचशे रुपये दंड. किंवा दोन्ही.”

“पाचशे?” छगनचा चेहरा उजळला. “मंग भरी टाकू पाचशे!”

हर्षदाला संताप आला आणि त्याच वेळी लाजही वाटली. जिभाऊंनी तिच्या कॉलेजची फी भरली होती. पण ती रोज ऑफिसात ज्या माणसांना खुर्ची देत होती, पाणी देत होती, ती सगळी याच पाचशे रुपयांच्या पलीकडची, गाड्यांखाली सापडलेली माणसं होती.

“ते नुसतं पळून जाण्याचं झालं,” ती म्हणाली. “बेदरकार गाडी चालवून माणूस जायबंदी केला, त्याची केस वेगळी. त्याला दोन वर्षांपर्यंत आहे. माणूस गेला, तरी दोन वर्षांपर्यंत. पण जामीन मिळतो, जिभाऊ. लगेच मिळतो. स्वतः गेला तर कोर्टही वेगळ्या नजरेने बघतं. आणि पोलिसांनी शोधून काढला तर मग पळपुटा म्हणूनच बघतं.”

“कोण शोधस? नंबर कोणी दखा का?” छगनने वाल्मिककडे पाहिलं. वाल्मिकने मान हलवली. नाही.

“दख. कोणीच नही दखा.”

“मग त्या माणसाचं काय होतं, ठाऊक आहे तुम्हाला?” हर्षदाचा आवाज चढला. खालून गाण्याचा सूर मोठा झाला म्हणून बरं. “गाडी कोणाची ते कळलंच नाही, तर त्याला कोणावर दावाच लावता येत नाही. मग प्रांत ऑफिसात फॉर्म भरायचा. माणूस मेला तर पंचवीस हजार, मोडला तर साडेबारा. बस्स. मग त्याचं वय काय, कमाई काय, पोरं किती, कोणी विचारत नाही. तेच गाडी सापडली तर ट्रिब्युनलमध्ये दावा लागतो, सगळ्याचा हिशेब होतो आणि पैसे विमा कंपनी देते. तुम्हाला घर विकायला लागत नाही, जिभाऊ! विमा भरलेला आहे, भाऊचं लायसन आहे. आपण नाव सांगितलं, एवढ्याने त्याचा जन्म निघू शकतो.”

छगन एका ताक्यावर बसला आणि दोन्ही हातांनी गुडघे चोळू लागला. तो दुष्ट माणूस नव्हता. गल्लीत कुणाच्या मयताला पहिला खांदा त्याचा असे. पण आज त्याच्या डोळ्यांपुढे वाल्मिक हवालदाराबरोबर जाताना दिसत होता, रांगेतला एक पाट रिकामा दिसत होता आणि त्याच्याही मागे, अकरा वर्षांपूर्वी ओसरीवर ठेवलेला राघोभाऊ दिसत होता.

“याले बसाडी ठेवतीन तं रोट कसा मोडाना?” तो हळूच म्हणाला. “पुन्हा खंड पडी. पुन्हा कोणी जाई या घरम्हाईन.”

तेवढ्यात सुकदेव बोलला. “जिभाऊ, मन्हं नाव सांगी द्या. टेंपो मी चलाडत व्हतू.”

सगळे त्याच्याकडे बघायला लागले.

“मन्ही मूठ काढी ल्या रोटम्हाईन,” सुकदेव म्हणाला. तो हसायचा प्रयत्न करत होता. “माले पोऱ्या नही. मन्ही मूठ मन्हा संगेच सरनार शे. कमी व्हयनी तं काय बिघडस? वाल्मिकना मांगे शुभम शे.”

हर्षदाने वडिलांकडे पाहिलं. ती त्यांची एकुलती एक. तिच्या नावाने मूठ पडत नाही हे तिला लहानपणापासून ठाऊक होतं आणि ते तिने कधी मनाला लावून घेतलं नव्हतं. आज लागलं. बापाने आपली स्वतःची मूठ इतक्या सहज उचलून बाजूला ठेवावी, याचं तिला फार वाईट वाटलं.

छगनच्या डोळ्यांत पाणी आलं. तो उठून भावाजवळ गेला. आता तो हो म्हणणार, हे हर्षदाला दिसलं.

“आप्पा, तुमच्याजवळ लायसन आहे?” तिने विचारलं.

“लायसन? माले सायकल येस फक्त.”

“मग बिनलायसनी माणसाच्या हातात टेंपो दिला म्हणून विमा कंपनी हात वर करेल. ती कोर्टात भांडत बसेल आणि तो माणूस वर्षानुवर्षं खेटे घालेल. शिवाय पोलिसांना खोटं सांगणं हा आणखी एक गुन्हा. तुम्ही भाऊला वाचवत नाही, आप्पा. तुम्ही त्या सायकलवाल्याचं उरलंसुरलंही घालवताय.”

सुकदेव मटकन खाली बसला. एवढं मोठं मन केलं आणि ते असं निकामी निघालं. त्याला रागही येईना.

“एक आहे,” हर्षदा जरा मऊ आवाजात म्हणाली. “जमाव मारायला धावून आला, म्हणून थांबता आलं नाही, हे कायद्यात चालतं. फक्त तसं लगेच जाऊन सांगायला हवं. भाऊ, तू आत्ता चल. काठ्या घेऊन लोक आले, जीव वाचवायला निघालो आणि घाबरून घरी आलो, असं लिहून दे. खूप फरक पडतो.”

“हां!” छगन म्हणाला. “हाई बरं शे. आनि खरं बी शे!”

वाल्मिक इतका वेळ खाली मान घालून होता. त्याने मान वर केली नाही.

“कोणी नही उनं,” तो म्हणाला.

“काय?”

“लोक नही उनात. रस्ता खाली व्हता. मी आरशामा दखं. तो पडेल व्हता, आनि ती बाई हात करी राहिंती. माले बलाई राहिंती. रागे नही भरत व्हती, जिभाऊ. फक्त बलाई राहिंती.” तो आता स्फुंदत होता. “माले वाटनं, आज कानबाई शे. आज थांबनू तं घर जावावत नही. रोट राही जाई. माय काय म्हनी. एवढंच मन्हा डोकामा उनं. मी गिअर टाकी दिधा.”

बापलेकांत कोणी कोणाकडे बघेना. खाली गाणं संपलं होतं. नवीन सुरू व्हायच्या आधीची शांतता होती, त्यामुळे जिन्याच्या वरच्या पायरीवर कोणीतरी उभं असल्याचं सगळ्यांना एकदम कळलं.

रंजना होती. तिच्या कडेवर शुभम झोपला होता.

*

रंजना साडेबारा वाजल्यापासून हे कोणाला तरी सांगायची वाट बघत होती, आणि तिला ऐकून घेणारं माणूसच सापडत नव्हतं. नवऱ्याने तिला सकाळीच सगळं सांगितलं होतं. त्या रस्त्यावर पडलेला माणूस सिव्हिललाच नेतात, हे तिला माहीत होतं. पानांचं निमित्त करून ती रिक्षाने सिव्हिलला गेली. कशाला गेली, ते तिला तेव्हाही कळलं नव्हतं. तो जिवंत आहे एवढंच बघून परत यायचं, असं तिने ठरवलं होतं.

“जिवंत शे,” ती आता म्हणाली. “बळीराम नाव शे त्यानं. परभणीकडला. पांडेसराले बिल्डिंगना कामवर मजुरी करस. अर्धा तास रस्तामा पडेल व्हता, मंग एक दूधवालानी गाडीमा टाकीसन आना. पाय गुडघाखाले काढना पडी, असं डॉक्टर सांगत व्हता.”

“तू गई व्हती तठे?” छगन ओरडलाच. “कोनी वळखं नही ना?”

“कोन वळखी? मी त्यानी बाईजोडे बठनू. इंदुबाई. तिले पानी दिधं.” रंजनाने शुभमला दुसऱ्या खांद्यावर घेतलं. पुढचं बोलायला तिला फार जड गेलं. “मंग हवालदार उना, जबाब लेवाले. त्याले मराठी समजे नही आनि तिले गुजराती. तो माले म्हने, बेन, तमे पूछो ने. मी इचारत गयू, सांगत गयू.”

रंजना सुरतेतच वाढलेली, गुजराती शाळेत दहावीपर्यंत शिकलेली. गल्लीतल्या बायकांना रेशन ऑफिसात, दवाखान्यात, शाळेत तीच लागायची. या बाईचं त्याला सांग, त्याचं या बाईला सांग, हे ती दहा वर्षं करत आली होती आणि त्यात तिची कधी चूक झाली नव्हती.

“तो म्हने, गाडी केवी हती, पूछो. मी इचारं. ती म्हने, निळा टेंपो व्हता ताई, आनि मागे केळीना खांब भरेल व्हतात.”

हर्षदाचा हात तोंडावर गेला. आजच्या रविवारी केळीचे खांब भरून उधन्याकडे येणारा निळा टेंपो! पोलिसांना नंबर कशाला हवा होता? खानदेशी गल्ल्यांतून एक चक्कर मारली असती तरी पुरे होतं.

“मंग?” छगनने विचारलं.

“मंग मी हवालदारले सांगं, एने खबर नथी.”

बाईला ठाऊक नाही, असं तिने सांगून टाकलं होतं.

“त्याने लिखी लिधं. वाहन अज्ञात. तिना आंगठा लिधा. खाले साक्षीदार म्हनीसन मन्ही सही लिधी.” रंजनाच्या डोळ्यांतून आता पाणी वाहत होतं, पण आवाज स्थिर होता. “ती माले म्हने, बरं झालं ताई तुमी व्हत्या. तवयपाशीन मन्हा घशाखाले पानी उतरेल नही. तुम्ही काय ठरावानं ते ठरावा, जिभाऊ. मी तं जाई राहिनू. मन्हं सांगेल खोटं माले दुरुस्त करनं शे.”

सुनेने सासऱ्याला असं सांगायची या घरात पहिलीच वेळ. छगन काही बोलणार, तेवढ्यात जिन्यावरून सरलाबाई वर आल्या. गुडघे दुखतात म्हणून त्या चार वर्षांत हा जिना चढल्या नव्हत्या. हाताला पीठ तसंच होतं.

“कितलं ऐकं तू?” छगनने विचारलं.

“ऐकं तेवढं पुरे.” त्या धापा टाकत होत्या. त्यांनी वाल्मिककडे पाहिलं. आयुष्यात त्यांना मुलाचा इतका राग कधी आला नव्हता आणि इतकी दयाही कधी आली नव्हती. माझ्या रोटांसाठी पळाला, हे त्यांच्या मनाला फार लागलं. तव्यापुढे दिवसभर बसून आपण काय करत होतो, असं त्यांना वाटून गेलं. “ऊठ. जाय तिना संगे.”

“सरला, रोट—”

“रोट काय पळी जास का? तुन्हा पोऱ्या पळना तेवढं पुरे शे!”

“आनि त्याले आज सोडं नही तं?”

“नही सोडं तं नही मोडावत. मी बठसू देवीपुढे. तिले जर असा पळेल पोऱ्याना हातना रोट लागत व्हतीन, तं तिले बी मी इचारसू.” त्यांनी स्वतःच्याच बोलण्याने दचकून पदर कपाळापर्यंत ओढला. मग हात पुढे करून शुभमला घेतलं. “जाय व रंजना. हर्षू, तू बी जाय माय. कागद तुले समजस.”

छगन भिंतीकडे तोंड करून उभा होता. सगळे जिना उतरायला लागले तेव्हा त्याने खुंटीवरची पिशवी काढली, तिच्यातून टेंपोचं आरसी बुक आणि विम्याचा कागद शोधला आणि दोन्ही हर्षदाच्या हातात दिलं. मग स्वतःच्या चपला शोधू लागला.

*

पोलीस ठाण्यात दोन तास गेले. सकाळचाच हवालदार होता. त्याने वाल्मिकचं सगळं लिहून घेतलं, हर्षदाने एकेक ओळ वाचून पाहिली. का थांबला नाहीस, या प्रश्नावर छगनने मुलाकडे आशेने पाहिलं, पण वाल्मिकने जे खरं तेच सांगितलं. विमा कंपनीचं पत्र हर्षदाने तिथेच बाकावर बसून लिहिलं. जामीन होईल, बापालाच जामीनदार राहावं लागेल, पण आधी सकाळचा जबाब दुरुस्त करायला हवा, असं हवालदार म्हणाला. रंजनाची सही बघून त्याने तिच्याकडे एकदा रोखून पाहिलं. तुमच्यावरही केस होऊ शकते बेन, असं तो म्हणाला. रंजना म्हणाली, होऊ द्या.

सिव्हिलच्या वॉर्डात दिवे लागले होते. उधन्याला आता रोटांची वेळ होऊन गेली असेल, असं वाल्मिकच्या मनात आलं आणि त्याला स्वतःचीच किळस आली. हवालदाराच्या मागोमाग तो खाटांच्या मधून चालत होता. बळीरामला ऑपरेशनहून आणलं होतं. तो गुंगीत होता आणि चादर एका बाजूला गुडघ्याखाली सपाट पडली होती. वाल्मिकने ते पाहिलं आणि त्याला खाटेची दांडी धरावी लागली.

इंदुबाई खाटेखाली फरशीवर बसली होती. कपाळाला पट्टी होती. तिने आधी हवालदार पाहिला, मग रंजना, मग रंजनाच्या मागे मान खाली घालून उभा असलेला वाल्मिक. ती धडपडत उठली. तिचा चेहरा एकदम फुलला.

“ताई!” तिने रंजनाचे दोन्ही हात धरले. “तुमी धरून आनलं व्हय त्याला? सकाळपासून म्या म्हनत व्हते, त्या ताईला आपली दया आली. आन् तुमी तर शोधूनच काढलं! कुठं सापडला वो ह्यो?”

“शुं कहे छे?” ती काय म्हणते, ते हवालदाराने विचारलं.

रंजनाने त्याच्याकडे पाहिलं नाही. हर्षदा पुढे झाली, तर रंजनाने मानेनेच तिला नको म्हटलं.

“बाई, हा माझा नवरा आहे,” ती म्हणाली.

इंदुबाईला ते लगेच कळलं नाही. ती वाल्मिककडे बघत राहिली, मग रंजनाच्या गळ्यातल्या पोतीकडे, मग पुन्हा रंजनाच्या तोंडाकडे. हात तिने अजून सोडले नव्हते.

“मंग सकाळी?” तिने हळूच विचारलं. “सकाळी मला पानी पाजलं, तवा ठावं व्हतं तुमाला?”

“हो.”

इंदुबाईने हात सोडले आणि नवऱ्याच्या अंगावरची चादर सारखी करू लागली.